मिटल्या डोळ्यांपुढचा उजेड



नौबादच्या माळावरून ज्यांचे जाणेयेणे आहे त्यांना तेथील करेज ठाऊक असेल. पंधराव्या शतकात बहमनी सुलतानांची राजधानी गुलबर्ग्याहून बीदरला आली. त्या राजवटीच्या दिवसांत, इराणात चालत आलेल्या पद्धतीने, जमिनीच्या पोटातून पाणी वाहून नेणारा हा मार्ग येथील जांभ्या दगडात खोदला गेला. काही काही अंतरावर विहिरीसारखे उभे झरोके आहेत. त्यांतून हवा आत जाते, गाळ वर काढता येतो, आणि सूर्य माथ्यावर आला म्हणजे उजेडाचा एक खांब थेट खालच्या पाण्यापर्यंत उतरतो. आत उभे राहून वर पाहिले तर अंधारात एक लखलखीत वर्तुळ दिसते. डोळे मिटले तरी ते वर्तुळ जात नाही. थोडा वेळ ते पापण्यांआड तरंगत राहते, रंग पालटते आणि हळूहळू विरून जाते.

आज हे सांगावयाचे कारण असे की, ह्याच वर्तुळावर आमच्या धर्मग्रामातील एका तरुणाने एक सबंध तत्त्वज्ञान उभारले होते. त्याच्या कुटुंबाच्या संमतीने मी हे लिहीत आहे. नावे सांगण्याचे प्रयोजन नाही. ह्या हकिकतीत माझीही एक चूक आहे, आणि ती कबूल केल्यावाचून ही हकिकत पुरी होणार नाही.

गेल्या नोव्हेंबरात, म्हणजे परलोकवासी आत्म्यांसाठी आपण विशेष प्रार्थना करतो त्या महिन्यात, हा तरुण एका संध्याकाळी माझ्याकडे आला. त्याची आई वारून त्या वेळी वर्ष होत आले होते. हातात शाळकरी वही होती. चाळीसएक पाने बारीक अक्षरांत भरलेली. म्हणाला, “फादर, मी एक विचार मांडला आहे. आपण वाचावा.”

त्या रात्री मी ती वही वाचली. तिचा सारांश तीन वाक्यांत सांगता येईल. प्रत्येक वस्तू प्रकाशाच्या रूपाने आपल्या डोळ्यांत शिरते व तेथे आपला ठसा उमटवते. हा ठसा कधीही पुसला जात नाही, तो केवळ नव्या ठशांखाली दबतो. आणि पुरेसा प्रखर प्रकाश डोळ्यांत घेतला तर दबलेला ठसा पुन्हा वर येतो. जे गेले आहेत ते पुन्हा दिसू लागतात. शेवटच्या पानावर एकच ओळ होती. आईचा चेहरा आता आपणांस नीट आठवत नाही, असे त्याने लिहिले होते.

मी ती ओळ वाचली आणि ओलांडून पुढे गेलो. हीच माझी चूक. सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकलेल्या माणसाला अशी वही हाती आली की त्याचे पांडित्य जागे होते. दुसऱ्या दिवशी मी त्याला शाबासकी दिली व तासभर बोलत बसलो. संस्कार व स्मृती यांचा संबंध पतंजलीच्या योगसूत्रांत कसा सांगितला आहे, हे त्याला सांगितले. चांगदेवाचे कोरे पत्र आणि त्यास ज्ञानदेवांनी पासष्ट ओव्यांत धाडलेले उत्तर, ही कथा आपल्या मराठी घरांत सर्वांना ठाऊक आहे. पाहणारा, पाहिले जाणारे आणि पाहणे, ही त्रिपुटी एकाच चैतन्याचा विलास आहे, हा त्या ओव्यांचा आशय आरशातील मुखाच्या दृष्टांताने कसा उलगडतो, हेही सांगितले. तो ऐकत होता. मात्र ‘बाळ, तू ह्या विचाराचे करतोस काय?’ एवढा एक प्रश्न मी त्याला विचारला नाही.

तो काय करीत होता हे मला जानेवारीत कळले, आणि तेही त्याच्याकडून कळले नाही. रविवारच्या धर्मशिक्षणाच्या वर्गात त्याची धाकटी बहीण वाचावयास उभी राहिली. एरवी घडाघडा वाचणारी ती मुलगी अडखळू लागली. मी जवळ जाऊन विचारले तेव्हा ती म्हणाली, “फादर, मी ज्या शब्दाकडे बघते तोच शब्द दिसत नाही. बाजूचे दिसतात.” मग हळूच म्हणाली, “दादा म्हणतो, आधी काळा डाग येतो, मग त्यातून आई येते.”

दोघे भावंडे कित्येक दिवस रोज सकाळी माळवदावर उभी राहून उघड्या डोळ्यांनी सूर्याकडे पाहत होती.

त्याच आठवड्यात त्यांच्या वडिलांना घेऊन आम्ही नेत्रतज्ज्ञांकडे गेलो. डॉक्टरांनी तपासून जे सांगितले ते प्रत्येक घरात माहीत असावे म्हणून येथे देतो. डोळ्याच्या मागच्या बाजूस दृष्टिपटल नावाचा पातळ पडदा असतो. त्याच्या मधोमध एक अगदी लहान भाग आहे. वाचणे, सुईत दोरा ओवणे, माणसाचा चेहरा ओळखणे ही सारी बारीक कामे तोच करतो. आपण सूर्याकडे रोखून पाहतो तेव्हा डोळ्यातील भिंग त्याचे किरण नेमके ह्याच जागी एकवटते, आणि तेथील नाजूक पेशींना इजा होते. दृष्टिपटलाला वेदना कळत नाही. त्यामुळे इजा होत असताना माणसाला काहीच जाणवत नाही. डाग दिसू लागतो तो काही तासांनी. ह्यावर खात्रीचे औषध नाही. पुष्कळ रुग्णांची दृष्टी काही आठवड्यांत वा महिन्यांत आपोआप सुधारते, कित्येकांची पुरती सुधारत नाही. मुलाच्या दोन्ही डोळ्यांत डाग होता, मुलीच्या एकाच डोळ्यात.

परतीच्या वाटेवर कोणीही बोलले नाही.

त्यानंतर मी ती वही पुन्हा वाचावयास घेतली, आणि ह्या वेळी शेवटच्या पानापासून. माझ्या ध्यानात आले की ह्या मुलाला तत्त्वज्ञान नको होते; त्याला आई हवी होती. मग मी त्याला बोलावले व आम्ही दोघांनी मिळून त्याच्या तीनही वाक्यांची परीक्षा केली. वाचकहो, ती परीक्षा आपणही घरी करू शकता. त्यास सूर्य लागत नाही. एक लाल कापडाचा तुकडा पुरे.

पांढऱ्या चादरीवर लाल तुकडा ठेवा व सावलीत बसून अर्धा मिनिट त्याच्या मध्यावर दृष्टी स्थिर करा. मग तुकडा उचलून घ्या. चादरीवर त्याच आकाराचा फिकट हिरवट डाग दिसेल. लाल वस्तूचा ठसा लाल न उमटता हिरवट का उमटावा? कारण तो वस्तूचा ठसा नव्हेच. लाल प्रकाशाला प्रतिसाद देणाऱ्या पेशी तेवढ्यापुरत्या थकलेल्या असतात, इतर ताज्या असतात, आणि त्या तफावतीमुळे पांढरे पटल हिरवट भासते. आता दृष्टी डावीकडे न्या. डागही डावीकडे जाईल. दूरच्या भिंतीकडे पाहा. डाग मोठा झालेला दिसेल. हा नियम एमिल एमर्ट ह्या नेत्रवैद्याने 1881 साली मांडला. जी वस्तू खरोखर बाहेर असते ती आपल्या डोळ्यांमागे फिरत नाही, आणि भिंत दूर आहे म्हणून मोठी होत नाही. शेवटी थोडी वाट पाहा. थकलेल्या पेशी विसावा घेतात आणि डाग नाहीसा होतो. ठसा पुसला जात नाही हे त्याचे दुसरे वाक्य, निदान डोळ्यापुरते, तेथेच निकालात निघाले. आणि जो ठसा पुसला जात नाही, तो ठसा नसून जखम असते, हे त्याला आता स्वतःच्या डोळ्यांवरून कळत होते.

“म्हणजे मी मूर्खच की, फादर,” तो म्हणाला.

मी म्हणालो, “मूर्ख असशील तर तुझ्या पंक्तीला मोठी माणसे आहेत.” आणि त्याला दोन नावे सांगितली. पहिले आयझॅक न्यूटन यांचे. तरुणपणी त्यांनी आरशात पडलेले सूर्याचे प्रतिबिंब एका डोळ्याने पाहिले. पुढे जिकडे पाहावे तिकडे त्यांना सूर्यच दिसू लागला, आणि दृष्टी ताळ्यावर आणण्यासाठी तीन दिवस खोलीत अंधार करून बसावे लागले. 1691 साली जॉन लॉक यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी स्वतःच ही हकिकत दिली आहे.

दुसरे नाव गुस्ताव फेख्नर यांचे. हे 1801 साली एका धर्मोपदेशकाच्या घरी जन्मले व पुढे लाइप्झिग येथे पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक झाले. मेलेली माणसे ही जिवंतांच्या मनावर त्यांनी उमटवलेल्या ठशांतून पुढे जगत राहतात, अशा आशयाचे एक छोटे पुस्तक त्यांनी 1836 साली लिहिले. पुढे डोळे मिटल्यावर उरणाऱ्या ह्याच आभासांचा अभ्यास करताना रंगीत काचांतून सूर्याकडे पाहून पाहून त्यांनी आपले डोळे बिघडवले. प्राध्यापकपद सोडावे लागले, आणि सुमारे तीन वर्षे ते डोळ्यांना पट्टी बांधून अंधाऱ्या खोलीत राहिले. 1843 साली दृष्टी परत आली. प्रथम बागेत पाऊल टाकले तेव्हा त्यांना प्रत्येक फूल आतून उजळलेले भासले, आणि वनस्पतींनाही आत्मा आहे असे प्रतिपादन करणारा ग्रंथ त्यांनी 1848 साली प्रसिद्ध केला. त्यांचे सारे विचार आपण मानावेत असे नाही. परंतु ज्याने हे सर्व सोसले त्याच माणसाने पुढे 1860 साली संवेदनांचे मोजमाप करणाऱ्या नव्या शास्त्राचा पाया घातला. म्हणजे चूक झाली म्हणून शोध सोडावा लागत नाही. रीत मात्र बदलावी लागते.

आपल्या भाविकांनाही ह्या मोहाने गाठले आहे. 2008 साली केरळच्या कोट्टायम जिल्ह्यात, आकाशात पवित्र मरियेची प्रतिमा दिसते अशी वार्ता पसरली. लोक सूर्याकडे टक लावून पाहू लागले, आणि सुमारे पन्नास जणांच्या डोळ्यांना इजा झाल्याचे वृत्तपत्रांतून आले. ती माणसे आपल्यासारखीच श्रद्धाळू होती. त्यांना हसू नये. मात्र एवढे निश्चित समजावे की आपला डोळा फोडून घेतल्यावाचून जी भेटत नाही अशी माता आपल्या श्रद्धेत कोठेही नाही.

येथवर परीक्षा झाली ती त्याच्या चुकीची. आता जे बरोबर होते त्याविषयी. आपल्यावर ठसे उमटतात व ते टिकतात, हे खरेच आहे. ते कोठे उमटतात व कसे, एवढेच त्याने चुकीचे धरले होते.

त्यासाठी मी त्याला बीदर शहरात बिद्रीचे काम करणाऱ्या एका कारागिराच्या दुकानी नेले. जस्त व थोडे तांबे यांच्या ओतीव भांड्यावर कारागीर प्रथम मोरचुदाचे पाणी फिरवून तात्पुरता काळा रंग आणतो, त्यावर नक्षी रेखतो आणि बारीक छिन्नीने ती खोदू लागतो. एकेका घावाने केसाएवढी खाच पडते. त्या खाचेत चांदीची तार बसवून तो ती हलकेच ठोकतो. सारे झाल्यावर बीदरच्या किल्ल्यातील माती व नवसागर पाण्यात कालवून भांड्यास लावतात. भांडे काळेभोर होते, चांदी मात्र काळी पडत नाही. उलट त्या काळ्या रंगामुळेच ती उठून दिसते. आम्ही पाहत असता मी त्याला विचारले, “ह्याने सगळी चांदी एकाच घावात बसवली असती तर?” तो म्हणाला, “भांडे फुटले असते, फादर.”

आईने मुलावर उमटवलेला ठसा असाच असतो. तो एका लखलखाटात पडत नाही. वीस वर्षांच्या बारीक बारीक घावांनी पडतो. आणि मृत्यूचा काळिमा वरून फासला गेला तरी त्या खाचेतील चांदी जात नाही. आपल्या मराठीत ‘संस्कार’ हा एकच शब्द किती नेमका आहे पाहा. मनावर उमटलेल्या ठशालाही आपण संस्कार म्हणतो आणि ख्रिस्तसभेच्या पवित्र विधींनाही संस्कारच म्हणतो. त्यांपैकी स्नानसंस्कार, दृढीकरण व गुरुदीक्षा हे तीन आत्म्यावर कधीही न पुसली जाणारी मुद्रा उमटवतात, म्हणून ते पुन्हा दिले जात नाहीत. 1547 साली ट्रेंटच्या परिषदेने ही शिकवण स्पष्ट केली. त्या मुद्रेला डोळ्यांनी पाहता येत नाही. ज्याच्यावर ती आहे त्यालाही ती दिसत नाही. तरीही ती असते.

राहता राहिला आईचा चेहरा. तो आठवत नाही ह्याची त्या मुलाला लाज वाटत होती, जणू आपण आईशी बेइमान झालो. वाचकहो, आपल्यापैकी कितीजणांना हीच टोचणी असेल, पण कोणी बोलून दाखवत नाही. मी त्याला शुभवर्तमानातील दोन प्रसंगांचे स्मरण दिले. कबरेपाशी रडणाऱ्या मरिया माग्दालेनेला समोर उभा असलेला प्रभू चेहऱ्यावरून ओळखू आला नाही. तिला तो माळी वाटला. त्याने तिला नावाने हाक मारली तेव्हा तिने ओळखले. आणि एम्माउसच्या वाटेवरचे ते दोघे शिष्य मैलोगणती त्याच्याबरोबर चालले, त्याचे मुख पाहत राहिले, तरी त्यांना उमगले नाही. त्यांनी त्याला ओळखले ते भाकर मोडताना. ज्यांच्यावर आपले सर्वांत अधिक प्रेम असते त्यांची ओळख पुष्कळदा मुखात नसते. त्यांच्या हाकेत आणि हातात असते.

“आज रात्री दिवा लावून तिघेही बसा,” मी म्हणालो, “आणि आई काय करीत असे तेवढेच एकमेकांना सांगा. ती दिसत कशी होती हे नको.”

चार दिवसांनी तो आला. पहिल्या रात्री कोणाच्याच तोंडून शब्द निघाला नव्हता. दुसऱ्या रात्री वडील बोलले. त्या घरात वर्षभर वडिलांनी आईचे नाव घेतले नव्हते. मुलांना दुःख होईल म्हणून ते गप्प होते, आणि वडिलांना दुःख होईल म्हणून मुले गप्प होती. त्या शांततेतच मुलगा माळवदावर गेला होता. मग धाकटी म्हणाली की आई ज्वारीची भाकरी थापताना शेवटची थाप नेहमी अंगठ्याच्या बाजूने देत असे, म्हणून तिच्या भाकरीची एक कड किंचित जाड राही, आणि ती कड धाकटीलाच मिळे. एवढे सांगून ती उठली, परातीत पीठ घेतले व तशी भाकरी थापून दाखवली.

“फादर,” तो मला म्हणाला, “चेहरा नाही आठवला. पण भाकरीची कड बघितली, आणि आई आहे असे वाटले.”

ह्या गोष्टीला आता काही महिने झाले. धाकटी पुन्हा घडाघडा वाचते. मुलाचा एक डोळा बराचसा सुधारला आहे. दुसऱ्यात अजून धूसर ठिपका आहे आणि तो जाईलच असे डॉक्टर सांगत नाहीत. त्या ठिपक्यात माझाही वाटा आहे असे मी मानतो, आणि म्हणूनच आपल्याजवळ तीन मागणी करतो.

पहिले, कोणत्याही कारणासाठी, ग्रहण असो, व्रत असो वा कोणाचा उपदेश असो, मुलांना सूर्याकडे रोखून पाहू देऊ नका. काजळी धरलेली काच, क्ष-किरणांची फिल्म, साधा काळा चष्मा, पाण्यातील प्रतिबिंब, ह्यांपैकी काहीही डोळ्यांचे पुरेसे रक्षण करीत नाही. नजरेपुढे डाग दिसतो असे मूल म्हणाले तर घरगुती औषधे डोळ्यांत घालीत बसू नका, नेत्रतज्ज्ञांना दाखवा.

दुसरे, घरातील तरुण मुलगा वा मुलगी काही विलक्षण विचार बोलू लागली तर त्याची टवाळी करू नका, आणि माझ्याप्रमाणे नुसती वाहवाही करू नका. त्या विचारामागे कोणते दुःख आहे ते विचारा. वही शेवटच्या पानापर्यंत वाचा.

तिसरे, आपल्या घरातून जे गेले आहेत त्यांचे नाव घरात उच्चारले जाऊ द्या. जेवताना, कामात, रोझरीनंतर, सहज. न बोललेले दुःख प्रखर उजेड शोधीत हिंडते. बोललेल्या दुःखाला घरातला दिवा पुरतो.

आपला प्रभूमध्ये,
धर्मग्रामगुरू, नौबाद